वरकस जमिनीत रान परत येऊ देताना

कोकणात आणि सह्याद्रीच्या उतारावर ज्यांची वडिलोपार्जित जमीन आहे, त्यांच्या सातबाऱ्यावर बहुधा एखादा तरी वरकस, म्हणजे उतारावरचा हलक्या मातीचा, तुकडा असतो. दोन पिढ्यांपूर्वी या उतारांवर नाचणी, वरी आणि हरीक पिकत असे. दोन-तीन वर्षे पीक घेऊन जमीन काही वर्षे पड टाकायची आणि नंतर पुन्हा भाजावळ करून, म्हणजे पाला-फांद्या जमिनीवर पसरून जाळून, पेरायची, असा क्रम होता. पुढे घरातली माणसे मुंबईला गेली, उतारावर जोत घेऊन चढणारे कोणी उरले नाही आणि या जमिनी कायमच्या पड पडल्या. त्यांचे काय करायचे, हा प्रश्न आज अनेक घरांत आहे. विकून टाकणे, जेसीबी लावून काजू करणे किंवा एखाद्या पावसाळ्यात पाचशे रोपे आणून लावणे, हे मार्ग सर्वांना ठाऊक आहेत. येथे आणखी एका मार्गाची कृती सांगितली आहे: जमिनीला तिचे रान स्वतः उभे करू द्यायचे आणि आपण त्याची राखण करायची.

संगमेश्वर तालुक्यातल्या आमच्या साडेतीन एकरांवर मी हे गेली अकरा वर्षे करत आहे. त्यामुळे पुढचे बहुतेक सारे भरपूर पावसाच्या, म्हणजे वर्षाला अडीच-तीन हजार मिलिमीटर पाऊस पडणाऱ्या पट्ट्याला लागू आहे. देशावरच्या माळरानांचा विचार वेगळा करावा लागतो. तो शेवटाकडे केला आहे आणि तो वाचल्याशिवाय या सूचना तिकडे वापरू नयेत.

जमीन नुसती सोडून दिली की तिचे जंगल होते, असे सांगणारे पुष्कळ भेटतात. ते खरे असते, तर तीस-तीस वर्षे पड असलेल्या उतारांवर आज गुडघाभर गवताखेरीज काही दिसत नाही, असे झाले नसते. सोडलेल्या जमिनीत दरवर्षी वणवा जातो, मोकाट गुरे शिरतात आणि सरपणासाठी कोयता चालतो. या तिन्ही गोष्टी थांबवणे हेच काम आहे. ते थोडे आहे, पण ते एकही वर्ष चुकवून चालत नाही.

सुरुवातीला मलाही आमच्या जमिनीत गवताखेरीज काही दिसले नव्हते. शेजारचे आबा एकदा बरोबर आले आणि त्यांनी काठीने गवत बाजूला सारून एक काळी, ओबडधोबड गाठ दाखवली. ती परातीएवढी रुंद आणि वरून पूर्ण जळालेली होती. आबा म्हणाले, "हा ऐन आहे बाळा. माझ्या लग्नाआधीपासून हा इथेच आहे. नखाने साल खरवडून बघ." मी खरवडले, तेव्हा कोळशासारख्या कवचाखाली ओली, तांबूस साल लागली. त्या एका खुंटाला अकरा फुटवे होते, एकही वीतभरापेक्षा उंच नव्हता आणि प्रत्येकाचे टोक जळालेले होते. भाजावळीसाठी पिढ्यान्‌पिढ्या कवळ, म्हणजे पानांसकट फांद्या, तोडून आणि नंतर वणव्यांत जळून झाडाचा वरचा भाग संपला होता. मुळे मात्र जुन्या झाडाची होती, खोलवर गेलेली आणि पाणी शोधून ठेवलेली. नर्सरीतल्या पिशवीतल्या रोपाला अशी मुळे कित्येक वर्षांत मिळत नाहीत.

हीच गोष्ट टोनी रिनॉडो या ऑस्ट्रेलियन कृषितज्ज्ञाच्या लक्षात १९८३ मध्ये पश्चिम आफ्रिकेतल्या नायजर देशात आली. लावलेली रोपे वाळवंटी हवेत मरत होती आणि शेतात इतस्ततः दिसणारी झुडपे ही तोडलेल्या झाडांच्या खुंटांचे फुटवे निघाली. शेतकऱ्यांनी ते फुटवे राखायला सुरुवात केली आणि त्यातून नायजरमध्ये सुमारे ५० लाख हेक्टर जमिनीवर झाडे परत आली. तिथला पाऊस आपल्या कोकणाच्या पावसाच्या एक पंचमांशही नाही.

पहिले वर्ष पाहण्याचे

पहिल्या वर्षी जमिनीत काहीही करू नये, हा माझा आग्रह आहे. त्या वर्षात तीन वेळा नीट फिरावे. एकदा वैशाखात, गवत वाळून किंवा जळून जमीन उघडी पडते तेव्हा. या फेरीत खुंट सापडतात. दुसऱ्यांदा पहिल्या पावसानंतर पंधरा-वीस दिवसांनी, जेव्हा प्रत्येक जिवंत मुळाला कोवळा फुटवा आलेला असतो आणि गवत अजून त्याच्यावर चढलेले नसते. ओळख पटवायला ही सर्वांत चांगली वेळ आहे. तिसऱ्यांदा मार्गशीर्षात, गवत उंच आणि पिवळे असते तेव्हा. गुरांच्या वाटा, माणसांच्या पायवाटा आणि आग कुठून शिरेल हे त्या फेरीत कळते.

दुसऱ्या फेरीत दहा मीटर लांबीची सुतळी आणि चार खुंट्या घेऊन जमिनीच्या वेगवेगळ्या भागांत पाच-सहा चौकोन आखावेत आणि प्रत्येकात झाडांचे किती फुटवे आणि किती बियाणी रोपे आहेत, ते मोजून वहीत लिहावे. ऐन, किंजळ, खैर, साग, पळस, कुडा, हरडा, आवळा, शिवण यांपैकी बरेच काही सापडते. नाव येत नसेल तर पानाचे चित्र काढावे किंवा फोटो घ्यावा आणि गावातल्या जाणत्या बाईला दाखवावा, कारण सरपण आणि रानभाजी गोळा करणाऱ्या बायकांना कोवळ्या पानांवरून झाड पुरुषांपेक्षा अधिक ओळखू येते, असा माझा अनुभव आहे. चौकोनात सरासरी पाच-सहा फुटवे निघाले, तर तिथे एकही रोप लावण्याची गरज नाही, असा माझा ठोकताळा आहे. एक-दोनच निघाले तरी राखण सुरू करून पाच वर्षे थांबावे. काहीच निघाले नाही, तर त्या भागाचे कारण शोधावे: माती धुपून गेली आहे, नांगराने आणि कुदळीने खुंट पूर्ण काढले आहेत, की मुळात तिथे झाडे कधी नव्हतीच?

हा शेवटचा प्रश्न कोकणातल्या सड्यांच्या बाबतीत फार महत्त्वाचा आहे. जांभ्या दगडाच्या उघड्या सड्यावर माती बोटभर असते. तिथे पावसाळ्यात गवत आणि चिमुकली फुले येतात, डबक्यांत बेडूक वाढतात आणि तेच त्याचे पूर्ण रूप असते. तिथे खड्डे खणून, बाहेरची माती भरून झाडे लावणे म्हणजे एक जिवंत जागा मोडून दुसरी आजारी जागा तयार करणे होय. शिवाय रत्नागिरी जिल्ह्यातल्या अनेक सड्यांवर कातळशिल्पे सापडली आहेत, त्यामुळे तिथे यंत्र नेण्याआधी शंभरदा विचार व्हायला हवा.

वणवा

सगळ्या कामाचा निम्म्याहून मोठा भाग वणव्याचा आहे, म्हणून त्यावर विस्ताराने लिहितो.

गवताची आग वेगाने पुढे सरकते आणि तिची धग जमिनीत फार खोल जात नाही. त्यामुळे जुनी मुळे वाचतात. वरचा फुटवा मात्र जळतो, त्या वर्षी बियांतून उगवलेली रोपे सरसकट मरतात, पालापाचोळा राख होतो आणि उतारावरची ती राख मृगाच्या पहिल्या सरीबरोबर ओढ्यात जाते. दरवर्षी वणवा गेला, तर फुटवा दरवर्षी शून्यातून सुरू करतो. सलग तीन-चार वर्षे आग टळली, तर त्याचा शेंडा ज्वाळांच्या वर जातो, खोडाची साल जाड होते आणि पुढच्या आगीत तो तग धरू शकतो. म्हणून पहिल्या चार वर्षांत आपले सर्व बळ इथेच लावावे.

जाळल्याने गवत चांगले येते, ही समजूत गावात घट्ट आहे आणि ती पूर्णपणे निराधार नाही: जुने काड जळून गेल्यामुळे नवा हिरवा कोंब लवकर दिसतो. पण उघड्या उतारावरची माती त्याबरोबर वाहते आणि वर्षांमागून वर्षे हेच चालले की जमीन उथळ होत जाते, हे त्याच माणसांना त्यांच्याच बांधावर दाखवता येते. वाद घालण्यापेक्षा हे दाखवणे अधिक उपयोगी पडते. त्यासाठी शिमग्याची वेळ चांगली, कारण तेव्हा चाकरमानी गावी आलेले असतात, वाडीची बैठक होते आणि वणव्याचा मोसमही ऐन भरात असतो. मी दरवर्षी त्या बैठकीत दोन वाक्ये बोलतो: आमच्या जमिनीला आग लागलेली दिसली तर मला किंवा राखणदाराला फोन करावा आणि विझवायला येणाऱ्याला त्या दिवसाची मजुरी मिळेल. गेल्या काही वर्षांत तीन वेळा असे फोन आले आणि तिन्ही वेळा आग आमच्या हद्दीत शिरण्याआधी अडली.

जाळरेषा काढण्याची पद्धत अशी आहे. भातकापणी आटोपली की, म्हणजे नोव्हेंबरच्या उत्तरार्धात, हद्दीच्या कडेने गवत जमिनीलगत कापून पट्टा मोकळा करावा. आग उतारावरून वर चढताना सर्वांत वेगाने धावते, म्हणून खालच्या अंगाचा पट्टा पाच-सहा मीटर रुंद ठेवावा. बाजूंना आणि वर तीन मीटर पुरतात. कापलेले गवत शेजाऱ्याला गुरांसाठी द्यावे किंवा आत नेऊन फुटव्यांच्या भोवती पसरावे, पण पट्ट्यावर किंवा त्याच्या कडेला ढीग करून ठेवू नये. इथपर्यंत बहुतेक जण करतात आणि तिथेच थांबतात. परंतु माघ-फाल्गुनात पानगळ होते, साग-ऐनाची मोठी वाळकी पाने त्याच मोकळ्या पट्ट्यावर येऊन पडतात आणि आगीला चांगला पूल मिळतो. म्हणून फेब्रुवारीत एकदा आणि मार्चमध्ये एकदा पट्टा खराट्याने झाडून घ्यावा लागतो. पट्टा जाळून मोकळा करण्याची रीतही आहे, पण ज्यांनी आयुष्यभर भाजावळ केली आहे अशा माणसांनीच, डिसेंबरातल्या दहिवराच्या सकाळी, वारा नसताना, पाण्याचे पंप आणि ओली गोणपाटे हाताशी ठेवून ते करावे. इतरांनी कापण्यावरच भागवावे.

आग आलीच, तर तिच्या समोर वरच्या बाजूला कधीही उभे राहू नये. जळून गेलेल्या बाजूने किंवा बगलेने जाऊन हिरव्या डहाळ्यांनी झोडपत तिची रुंदी कमी करत जावे. पाठीवरचा फवारणी पंप पाण्याने भरून तयार असावा. जानेवारी ते मे या काळात तो औषधासाठी वापरू नये. सुती कपडे आणि बूट घालावेत. अंधार पडल्यावर हवा दमट होते आणि आग मंदावते, त्यामुळे दुपारी हाताबाहेर गेलेली आग संध्याकाळी आवाक्यात येते. दुपारच्या उन्हात जिवावर उदार होण्याचे काही कारण नाही.

चौथ्या वर्षी मार्चमधले झाडणे माझ्याकडून राहिले आणि एका दुपारी जवळजवळ दोन एकर जळाले. दुसऱ्या दिवशी पायाखाली कुरकुरणाऱ्या काळ्या जमिनीवर फिरताना मला वाटले की चार वर्षे गेली. जूनच्या शेवटी पाहिले, तेव्हा मनगटाएवढ्या जाड झालेल्या ऐनांना आणि किंजळांना कमरेच्या वरूनच पालवी फुटली होती आणि बारीक फुटवे बुंध्यातून पुन्हा आले होते. बियांतून आलेली रोपे मात्र गेली, त्यांत जांभळाची बारा रोपे होती आणि त्यांची हळहळ मला अजून आहे. वणव्यानंतर त्याच पावसाळ्यात घाबरून रोपे आणू नयेत, एक पाऊस जाऊ द्यावा, हे मी त्या वर्षी शिकलो.

गुरे आणि शेजार

चराईबंदी आणि कुऱ्हाडबंदी हे शब्द राळेगणसिद्धी आणि हिवरे बाजारमुळे महाराष्ट्राला परिचित आहेत. तिथे ती गावाने मिळून घातली, म्हणून टिकली. एकट्याच्या जमिनीवर ती काटेरी तारेने घालता येते, असे वाटते; पण तार चोरीला जाते, भेकर आणि साळिंदर तिच्यात अडकतात आणि शेजाऱ्याशी वैर होते. कोकणात दगड मुबलक आहे आणि बहुतेक जुन्या जमिनींना पडका गडगा असतोच. तो पावसाळ्याआधी थोडा थोडा दुरुस्त करावा, जिथे गडगा नाही तिथे काटक्यांची वई घालून तिच्या कडेने सागरगोटा, चिल्लार, करवंद आणि निवडुंग लावावे, म्हणजे चार-पाच वर्षांत जिवंत कुंपण होते. वाटेवर बेडे, म्हणजे साधे फाटक, ठेवावे आणि पिढ्यान्‌पिढ्यांची पायवाट कधीही बंद करू नये. तिचा वापर सुरू राहिला तर जाणारी-येणारी माणसेच आपली राखण करतात.

गवत कापून न्यायला मी कोणालाच मना करत नाही, कारण कापलेले गवत म्हणजे तितके कमी जळण. अट एकच असते: विळा फुटव्याला लागू नये. त्यासाठी गवतकापणीच्या आधी प्रत्येक चांगल्या फुटव्याशेजारी एक काठी रोवून तिला जुन्या कपड्याची चिंधी बांधावी. गाय-बैल प्रामुख्याने गवत खातात आणि पायांनी तुडवतात. शेळ्या शेंडे खातात, म्हणून शेळ्यांच्या बाबतीत पहिली पाच-सहा वर्षे कडक राहावे. पुढे शेंडे गुरांच्या तोंडाबाहेर गेल्यावर दोन-चार गायी हिवाळ्यात आत आल्या, तर नुकसान होत नाही.

कोयता आणि कुदळ कुठे चालवायची

एका खुंटाला दहा-बारा फुटवे आले, तर ते एकमेकांशी झगडत झुडुपासारखे राहतात. त्यांतले तीन ते पाच सरळ आणि जोमदार फुटवे ठेवून बाकीचे धारदार कोयत्याने बुंध्याजवळ तिरके कापावेत. साल फाटू देऊ नये. ठेवलेल्या फुटव्यांच्या खालच्या अर्ध्या उंचीपर्यंतच्या बारीक फांद्या काढल्या, तर ते लवकर वर जातात. हे काम थंडीत करावे. मी ते जमिनीच्या निम्म्या भागातच केले आणि उरलेला भाग जसाच्या तसा ठेवला. सहा-सात वर्षांनी झाडांनी आपापसांत निवड करून टाकली होती, फक्त दोन-तीन वर्षे उशिरा. ज्यांना वेळ किंवा मजूर नाही, त्यांनी हे न केले तरी चालेल.

जे करायलाच हवे ते म्हणजे बाहेरून आलेल्या आक्रमक झाडाझुडपांना आवर घालणे. रानमोडी हिवाळ्यात फुलते आणि तिचे बी वाऱ्याने उडते, म्हणून ती ऑगस्ट ते ऑक्टोबर या काळात, माती ओली असताना, मुळासकट उपटावी. कापल्याने ती दुप्पट फुटते. घाणेरीसाठी वेगळी युक्ती लागते: कुदळीने बुंध्याची माती थोडी उकरून मूळ जमिनीच्या पृष्ठभागाखाली चार-पाच सेंटीमीटरवर तोडावे आणि झुडूप तिथेच उलटे, मुळे वर करून ठेवावे, म्हणजे ते पुन्हा रुजत नाही. नंतर दोन पावसाळे तिथे उगवणारी तिची रोपे हाताने काढावी लागतात. ऑस्ट्रेलियन बाभूळ, सुबाभूळ आणि गिरीपुष्प ही झाडे लहान असतानाच काढणे सोपे जाते.

येथे एक सावधगिरी सांगितली पाहिजे. घाणेरीची जाळी तोडण्याआधी आडवे होऊन तिच्या आत पाहावे. गुरांना तोंड घालता येत नाही अशा त्या काटेरी आसऱ्यात अनेकदा आवळ्याचे, शिवणीचे किंवा उंबराचे रोप कमरेएवढे झालेले असते. ते असेल, तर त्याच्या डोक्यावरची घाणेरी काढावी आणि भोवतीचे कडे वर्षभर तसेच ठेवावे. न्यूझीलंडमधल्या हिनेवाई या राखीव क्षेत्रात वनस्पतिशास्त्रज्ञ ह्यू विल्सन यांनी १९८७ पासून याच्याही पुढची पायरी गाठली: युरोपातून आलेल्या गॉर्स नावाच्या काटेरी झुडुपाला त्यांनी हातच लावला नाही, त्याच्या सावलीत स्थानिक झाडे वाढली आणि उन्हाची भुकेली ती गॉर्स त्यांच्या छायेत मेली. आपल्याकडे त्याची सरळ नक्कल करता येत नाही. आपल्याला सात-आठ महिने कोरडे जातात आणि वाळलेली रानमोडी व घाणेरी आगीला झाडांच्या शेंड्यांपर्यंत शिडी देतात. म्हणून जाळरेषेच्या आसपास दोन्ही पूर्ण काढावीत आणि आतल्या भागात टप्प्याटप्प्याने, वर्षाला थोडी थोडी.

चर खणणे आणि यंत्राने सपाटीकरण करणे टाळावे, कारण ज्या मुळांच्या जिवावर हे सर्व चालले आहे, तीच मुळे त्यात तुटतात. उतारावर एखादी घळ मोठी होत असेल, तर तिच्या डोक्याकडून खाली जागोजागी हाताने रचलेले अनगड दगडी बांध घालावेत. गुडघाभर उंची पुरे. पडलेले झाड उचलू नये, वारूळ मोडू नये, वठलेले खोड उभे असेल तर उभेच ठेवावे.

बी कोण आणणार

खुंटांतून येणारे रान हे पूर्वी तिथे जे उरले होते तेच असते. नवी जात बियांतून येते आणि बी बहुतांशी पक्षी, वटवाघळे आणि उदमांजरे आणतात. जवळ देवराई असेल तर ते मोठे भाग्य समजावे. नसेल, तर शेताच्या बांधावरचे एखादे उंबर किंवा वड हेही पुष्कळ काम करते. आमच्याकडे मधोमध एक जुने वठलेले आंब्याचे खोड आहे. सहाव्या वर्षी एका जुलैत त्याच्याखाली बसून मी हातभर जागेतली रोपे पाहिली: करवंदाची सात, आटकाची दोन, उंबराची केसासारखी बारीक तीन, एक चांदाडा आणि तोरणाची एक वेल. त्यापासून वीस पावलांवर, उघड्या गवतात, यांतले काहीही नव्हते. बुलबुल आणि तांबट वर बसत होते आणि खाली पेरणी होत होती. म्हणून ज्या भागात एकही उंच वस्तू नाही, तिथे कापूस-तुरीच्या शेतात लावतात तसे पक्षीथांबे रोवावेत: दोन पुरुष उंचीचा बांबू, वर आडवी फांदी. खालचे गवत दोन हात गोल काढून टाकले, तर पडलेले बी मातीला लागते.

बियाणे स्वतः टाकायचे असेल, तर ते त्याच परिसरातले आणि त्याच वर्षीचे असावे. जांभळासारख्या झाडांच्या बिया वाळल्या की मरतात, त्यामुळे मे-जूनमध्ये खाल्लेल्या जांभळांच्या बिया त्याच आठवड्यात, पहिल्या सरींबरोबर, करवंदाच्या जाळीच्या आत सरकवून द्याव्यात. शहरांतून येणारे मिश्र बियांचे गोळे मी घेत नाही. त्यांत गिरीपुष्प आणि सुबाभूळ निघालेली मी पाहिली आहेत. रोप लावण्याची वेळ आलीच, तर ती पाच-सहा वर्षांनंतर, सावली झाल्यावर आणि शेजारच्या देवराईत आहे पण आपल्याकडे येऊ शकत नाही अशा जड बियांच्या झाडांपुरतीच येते.

देशावरचे माळ

सोलापूर, अहिल्यानगर, पुणे जिल्ह्याचा पूर्व भाग आणि मराठवाडा येथील पर्जन्यछायेतल्या पडीक जमिनी पाहून तिथे झाडे कमी आहेत याचे दुःख करू नये. तिथले माळ ही गवताचीच जागा आहे. नान्नजचे माळढोक अभयारण्य आणि अहिल्यानगर जिल्ह्यातल्या कर्जतजवळचे रेहेकुरीचे काळवीट अभयारण्य गवताळ माळांसाठीच ओळखले जातात. लांडगा, खोकड, धाविक आणि चंडोल यांना दाट झाडी नकोच असते. अशा जमिनीत हिवर, बोर, बाभूळ, हेंकळ, तरवड जिथे स्वतःहून येतील तिथे येऊ द्यावीत आणि एकही झाड लावू नये. वेडी बाभूळ आणि गिरीपुष्प काढावे. चराई पूर्ण बंद करण्याऐवजी जमिनीचे तीन भाग करून दरवर्षी एक भाग पावसाळाभर राखावा, म्हणजे पवना, मारवेल यांसारखी चांगली गवते बी धरतात. बी गळून पडल्यावरच कापणी करावी. नुसती कुसळी दिसणारा माळ दोन-तीन वर्षांच्या अशा विश्रांतीनंतर बदलू लागतो. मोकाट कुत्र्यांना मात्र आत येऊ देऊ नये, कारण टिटवी आणि चंडोल जमिनीवरच अंडी घालतात.

कागद आणि नोंदी

काम सुरू करण्यापूर्वी मोजणी करून हद्दीचे दगड पक्के करावेत आणि सातबाऱ्याच्या इतर हक्कांत खाजगी वनाची नोंद आहे का, ते पाहावे. रान वाढले की सरकार जमीन घेते, ही भीती कोकणात १९७५ च्या महाराष्ट्र खाजगी वने (संपादन) अधिनियमामुळे आहे. तो कायदा ३० ऑगस्ट १९७५ रोजी खाजगी वन असलेल्या जमिनींबाबत आहे. तरीही सर्वोच्च न्यायालयाच्या १९९६ च्या गोदावर्मन खटल्यातल्या आदेशापासून जंगल म्हणून ओळखल्या जाणाऱ्या जमिनीवर वनेतर कामासाठी परवानगीचा प्रश्न येऊ शकतो. तेव्हा पुढेमागे त्याच तुकड्यावर घर बांधायचे असेल, तर ती जागा आधीच वेगळी काढावी आणि जाणकार वकिलाचा सल्ला घ्यावा. झाडे तोडण्याबाबतचा १९६४ चा कायदाही लक्षात ठेवावा: ऐन, किंजळ, खैर, साग ही स्वतःच्या जमिनीतली झाडेही परवानगीशिवाय तोडता येत नाहीत. ई-पीक पाहणीत क्षेत्र पड म्हणून नोंदवावे, नाहीतर नोंद रिकामी राहते. जमीन सामाईक असेल तर भावंडांची लेखी संमती घ्यावी. एका चुलतभावाने सातव्या वर्षी लाकडाचा व्यापारी आणल्याची उदाहरणे माझ्या पाहण्यात आहेत.

वहीत दरवर्षी तीन नोंदी कराव्यात: आग कुठे आणि कधी आली, नवीन काय उगवले आणि त्याच चौकोनात किती फुटवे कमरेच्या वर गेले. यांच्या जोडीला, एक दगड ठरवून त्यावर उभे राहून, त्याच दिशेला, दरवर्षी एक जुलै आणि एक जानेवारीला फोटो काढावा. रान रोज पाहणाऱ्याला त्यातला बदल कळत नाही आणि तिसऱ्या-चौथ्या वर्षी, जेव्हा काहीच होत नाही असे वाटते, तेव्हा हे फोटो उपयोगी पडतात. आमच्या दगडावरून पहिल्या फोटोत समोरचा डोंगर आणि खालचे देऊळ दिसते. आठव्या वर्षी मध्ये चांदाडा आणि दोन ऐन उभे राहिले आणि तिथून काहीच दिसेनासे झाले, तेव्हा मला नव्या दगडापासून पुन्हा सुरुवात करावी लागली. म्हणून असे दोन दगड पहिल्याच वर्षी निवडावेत, एक खालच्या अंगाला आणि एक वर, उघड्या कातळाजवळ.